संध्याकाळची सही

आदेश घेऊन शिपाई स्वतः घरी आला आणि बेल न वाजवता त्यानं दोन बोटांनी दार ठोठावलं. बावीस वर्षं हा माणूस माझ्या टेबलावर चहाचा कप आपटत आलाय. त्याचं ते हळुवार ठोठावणं ऐकूनच मला कळलं की कागद माझ्याबद्दलचा आहे. "सही करा ताई. तारीख आणि वेळही घाला," टपालवही पुढे करत तो म्हणाला आणि आमच्या भिंतीवरच्या घड्याळाकडे असा बघत राहिला, जणू ते चालतंय की नाही हे तपासायला आलाय. मी दारातच उभ्याउभ्या निलंबनाचा आदेश वाचला. बारा ओळी होत्या आणि त्यातला शब्द न् शब्द माझा होता. चौदा वर्षांपूर्वी आमच्या कार्यालयातल्या एका भांडारपालाला पोलिसांनी धरलं तेव्हा साहेब म्हणाले होते, एक नीट मसुदा करा, परत काही लागायचा नाही. त्यानंतर तो एकतीस जणांना लागला. नाव, हुद्दा, तारीख एवढ्या जागा रिकाम्या सोडायच्या आणि भरायच्या, बाकी सगळं तयार. ते एकतीसच्या एकतीस पुरुष होते. म्हणून खालच्या ओळीत ‘त्याने पूर्वपरवानगीशिवाय मुख्यालय सोडू नये’ असं होतं, आणि माझं नाव घालताना ते बदलायचं कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं. मी पर्समधून लाल पेन काढलं, ‘त्याने’भोवती गोल केला आणि वर ‘तिने’ लिहिलं. "ताई, ही तुमची प्रत आहे," शिपाई म्हणाला, "ऑफिसची नाही. तुम्ही सुधारलं तरी तिकडे तसंच राहणार." चूक ती चूक, असं काहीतरी मी पुटपुटले आणि सही केली, अकरा वाजून वीस मिनिटं. तो दोन पायऱ्या उतरला आणि मान न वळवता म्हणाला, "तुमच्या खुर्चीवर कुणाला बसू दिलेलं नाही अजून." मग मात्र मला दार लावून घ्यावं लागलं.

ऑफिसात मला कलमताई म्हणतात. तोंडावर नाही, पण भिंती पातळ आहेत. कुठल्या नियमाचं कुठलं कलम हे मला झोपेतून उठवून विचारलं तरी सांगता येतं, याचा मला गर्व होता आणि तो मी लपवतही नव्हते. त्यामुळे पोलीस ठाण्यातल्या त्या खोलीत, भिंतीला टेकून बसल्या बसल्या, मी रडायच्या आधी तास मोजले. सरकारी नोकर कोठडीत अठ्ठेचाळीस तासांपेक्षा जास्त राहिला की अटकेच्या तारखेपासून तो निलंबित झाला असं मानायचं. आदेश नंतर निघतो, पण निलंबन आधीच झालेलं असतं. शनिवारी दुपारी बाराला आम्हाला नेलं, मला, आईला आणि धाकट्या भावाला. आईला वयामुळे संध्याकाळीच सोडलं. सोमवारी बाराच्या आत सुटले असते तर वाचले असते. जामीन साडेअकराला मंजूर झाला, पण कागद खालच्या मजल्यावर यायला तीन तास लागले, कारण तिथला कारकून जेवायला गेला होता आणि कपाटाची किल्ली त्याच्यापाशी होती. मला त्याचा राग आला नाही. मीही जेवायला जाताना किल्ली घेऊन जाते. साडेपन्नास तास भरले. आमच्या भाषेत याला मानीव निलंबन म्हणतात. मानीव हा शब्द मी हजारदा लिहिला असेल, पण त्या तीन तासांत तो पहिल्यांदा ऐकला. लहानपणी खेळताना आपण म्हणतो ना, समज की तू दुकानदार आणि मी गिऱ्हाईक. तसंच हे, फक्त शिक्का मारून. समज की हे झालं. समज की हे झालंच नाही.

घरी बसायची मला सवय नाही. सकाळी अकराचं घर मी कधी पाहिलेलंच नव्हतं. नळाची खरखर, समोरच्या इमारतीत कुणीतरी शिंकतं आणि कुणीतरी हसतं, आई मटार सोलताना स्वतःशी बोलते. धाकटा साडेनऊला कामावर जातो. विजेच्या सामानाच्या दुकानात तो पंखे विकतो, आणि पंखे विकणाऱ्यांना कुठलं कलम नसतं. मंगळवारी, म्हणजे सुटल्याच्या दुसऱ्याच दिवशी, त्यानं दाढी केली, इस्त्रीचा शर्ट घातला आणि जिना उतरताना शीळसुद्धा घातली. ज्यानं हात उगारला तो कामावर, आणि जी बघत राहिली ती घरी. हे मी मनातल्या मनात म्हटलं आणि मग ‘बघत राहिली’ या शब्दांपाशी अडले. कारण आई तसं म्हणत नाही. आई म्हणते, ती पायरीवरून पडली. आमच्या घरात एकच पायरी आहे, न्हाणीघराची, चार बोटं उंच. आईनं ते इतक्यांदा सांगितलंय की परवा मी स्वतः त्या पायरीवर उभी राहून खाली उतरून पाहिलं. तिच्यावरून पडायचं तर आधी ठरवावं लागेल.

ती म्हणजे माझी भावजय. तीन वर्षं या घरात होती. मोठ्यानं हसायची, इतकं की आई खिडकी लावायची. माझ्या ऑफिसच्या भाषेची नक्कल करणारी ती घरातली एकटीच होती. ताटात वाढताना विचारायची, "ताई, भात मंजूर की फेरविचारार्थ परत?" आणि मी गंभीर चेहऱ्यानं म्हणायची, अर्धा मंजूर. सत्तेचाळीस वर्षांत माझी थट्टा करायची हिंमत कुणी केली नव्हती आणि मला ती इतकी आवडेल असं वाटलं नव्हतं. ती माहेरी गेल्यापासून आम्ही तिघं जेवतो तेव्हा चमचे फार वाजतात. धाकट्याचा आवाज चढायचा हे मला ठाऊक होतं. कपाटाचं दार आपटायचं, काहीतरी पडायचं, मग शांत. मी माझ्या खोलीत फायली वाचत असायची. सकाळी ती लांब बाह्यांचं काहीतरी घालून चहा करायची आणि मी म्हणायची, उकडत नाही का गं. खरंच विचारायची. की खरंच नाही विचारायची, हे आता मला सांगता येत नाही.

अटकेच्या आधीच्या मंगळवारी माझी दाढ काढायची होती. रात्रभर ठणकत होती, सुजलेल्या गालानं मी दहाला दहा मिनिटं कमी असताना ऑफिसात पोचले. आमच्या हजेरीपत्रकात प्रत्येकाच्या नावापुढे दोन घरं असतात, येण्याचं आणि जाण्याचं. हजेरीपत्रक माझ्या ताब्यात. सव्वादहाला मी त्याच्यावर लाल रेघ मारते, आणि रेघेखाली सही करणाऱ्याकडे मी कशी बघते ते लोक अजून सांगतात. त्या दिवशी मी येण्याची सही केली आणि हात तसाच पुढे सरकला. जाण्याच्या घरातही सही केली. सहा वाजून दहा मिनिटं. मी रोज सहा दहालाच निघते. डॉक्टरकडून परत येऊ असा विचार होता, की नव्हता, काय माहीत. मला ते खोटं वाटलंच नाही, आगाऊ वाटलं. दोन वाजता निघाले. अर्ध्या रजेचा अर्ज उद्या देऊ म्हटलं, तो दिलाच गेला नाही. डॉक्टरनं दाढ काढली, कापसाचा बोळा दाबून बसवला आणि सांगितलं, तासभर तोंड उघडायचं नाही, बोलायचं नाही. साडेतीनला घरी आले आणि माझ्या खोलीत पलंगावर बसले. पलीकडे धाकटा दुकानातून जेवायला आलेला होता आणि काहीतरी चाललेलं होतं. मग ती माझ्या दारात आली. केस सुटलेले, एक हात दुसऱ्या हातानं धरलेला. "ताई, तुम्ही सांगा ना त्यांना. तुमचं ऐकतील ते." आणि मी, डॉक्टरनं सांगितलेला तास अजून भरला नव्हता म्हणून, माझ्या तोंडाकडे बोट दाखवलं. बोलता येत नाही, अशी खूण केली. ती माझ्या बोटाकडे बघत राहिली. मग परत गेली. तिचं मनगट मोडलं ते त्यानंतर. हे सगळं मी पोलिसांना सांगितलं नाही, कारण त्यांनी विचारलं नाही. त्यांनी विचारलं, तुम्ही मारलंत का, आणि मी म्हटलं, नाही, आणि ते खरं होतं.

रविवारी दुपारी चिमणी आली. चिमणी म्हणजे माझ्या शेजारच्या टेबलावरची कनिष्ठ लिपिक, चार वर्षांपूर्वी लागलेली. टिपणी कशी लिहायची ते मीच तिला शिकवलं. आईनं तिला सरबत दिलं आणि दाराआड उभी राहिली. चिमणीनं पिशवीतून एक झेरॉक्स काढून माझ्या मांडीवर ठेवली आणि बोट ठेवलं. "बघा ताई. सहा दहा." तिचे डोळे चमकत होते. "तक्रारीत काय म्हटलंय, नणंद त्या वेळी घरी होती. रेकॉर्ड काय म्हणतं, नणंद ऑफिसात होती. शुक्रवारी आढावा समितीची बैठक आहे. बुधवारपर्यंत तुमचा खुलासा आला आणि त्याला हे जोडलं, तर निलंबन मागे. सगळा काळ ड्युटी धरला जाईल." मी म्हटलं, अगं, पण मी दोनला गेले होते, तू पाहिलंस. "मी?" ती म्हणाली, "मी तेव्हा जेवत होते." आणि लाजून हसली, जणू मला वाढदिवसाची भेट दिल्यासारखी. माझ्यासाठी ती खोटं बोलायला तयार होती आणि ते तिनं माझ्याकडूनच शिकलेल्या नीटनेटकेपणानं केलं होतं. झेरॉक्सच्या कोपऱ्यात पान क्रमांकसुद्धा घातला होता.

धाकट्याच्या वकिलालाही ते फार आवडलं. एक वाक्य खोटं ठरलं की बाकीची आपोआप कोसळतात, असं तो फोनवर म्हणाला आणि धाकट्यानं आवाज मोठा करून आम्हाला ऐकवलं. मला ते कुणी सांगायची गरज नव्हती. मी आयुष्यभर तेच केलंय. त्या एकतीस जणांत एक वाहनचालक होता, निलंबित असतानाच गेला. त्याची बायको अर्ज घेऊन आली तेव्हा तिनं मृत्यूची तारीख एका ठिकाणी एक आणि दुसरीकडे दुसरी लिहिली होती. मी शेरा मारला, विसंगतीमुळे अमान्य. ती टेबलापाशी उभी राहून म्हणाली, "बाकीचं सगळं खरं आहे ना पण, बाई?" मी म्हटलं, बाकीचं बघायची वेळच येत नाही. आठ महिन्यांनी ती दुरुस्त अर्ज घेऊन आली तेव्हा मी तिला ओळखलं नाही. आता ती मला ओळखू येते. बसथांब्यावर, भाजी घेताना, प्रत्येक दुसरी बाई मला तीच वाटते. आणि समिती काय करील हेही मी बघू शकते: माझी भावजय टेबलापाशी उभी, मोडलेला हात समोर धरून, आणि टेबलामागचं कुणीतरी कागद उलटून म्हणतंय, विसंगती. ती खोटारडी ठरेल. तिचं मनगट पायरीवर मोडलं, असं मानण्यात येईल.

आणि खरं लिहिलं तर? हाही हिशेब मी केला, तो माझा धंदाच आहे. हजेरीपत्रकात खोटी नोंद, म्हणजे स्वतंत्र गैरवर्तन, स्वतंत्र चौकशी. आत्ता माझ्यावर जो गुन्हा आहे त्यातून मी कदाचित सुटेन, पण या सहा दहामधून नाही. अकरा वर्षं नोकरी राहिलीय, ती जाऊ शकते. धाकट्याला शिक्षा होऊ शकते. घर आईच्या नावावर आहे. मंगळवारी सकाळी मी कोरा कागद घेऊन बसले तेव्हा आई समोर येऊन बसली. तिनं माझं पेन हातात घेतलं, टोपण लावलं, परत काढलं. "तुला कुणी खोटं लिही म्हणतंय का?" ती म्हणाली. "सही तुझी आहे, वेळ तू घातलीस. तू फक्त गप्प बस. गप्प बसायला काय लागतं?" मी म्हटलं, "आई, तू स्वयंपाकघरात होतीस. तू ऐकलंस." तिचा चेहरा एकदम लहान झाला. "तुझे वडील मला..." एवढं बोलून ती थांबली, आणि मग म्हणाली, "आम्ही नाही गेलो पोलिसांत." सत्तेचाळीस वर्षांत हे वाक्य तिनं पहिल्यांदा उच्चारलं आणि ते तक्रार म्हणून नव्हे, दाखला म्हणून. वडील गेले तेव्हा मी एकोणीस वर्षांची होते आणि धाकटा नऊ. त्यांच्या वेळीही आमच्याकडे कपाटाचं दार आपटायचं. मी तेव्हा अभ्यास करायची. मला आईची दया आली आणि तिचा भयंकर रागही आला, आणि दोन्ही एकाच वेळी कसं ठेवायचं हे मला कळेना, म्हणून मी तिच्या हातातून पेन घेतलं.

खुलासा दीड पानाचा झाला. सदर दिवशी मी दुपारी दोन वाजता कार्यालय सोडले. संध्याकाळची सही मी सकाळीच केली होती. साडेतीन वाजता मी घरी होते. माझ्या भावजयीने माझ्याकडे मदत मागितली. दात काढलेला असल्याने मी बोलले नाही. ती परत गेली. त्यानंतर माझ्या भावाने तिला मारल्याचा आवाज मी ऐकला. एकदा लिहायला लागल्यावर हात थांबला नाही; मसुदा चांगला होता, एक शब्द इकडचा तिकडे करावा लागला नाही. बुधवारी साडेदहाला मी आवक टेबलापाशी उभी राहिले, बाहेरची माणसं उभी राहतात त्या बाजूला. चिमणीनं कागद वाचला. तिचा हात शिक्क्यापर्यंत गेला आणि मागे आला. "ताई, घरी घेऊन जा हे. मी बघितलंच नाही." मी म्हटलं, "क्रमांक टाक." एकदा आवक क्रमांक पडला की कागद कुणाच्या बापाला परत घेता येत नाही, हे मीच तिला पहिल्या आठवड्यात शिकवलं होतं. "माझं काय होईल? मी जेवत होते म्हटलंय सगळ्यांना," ती रडवेली होऊन म्हणाली. "तू जेवतच होतीस," मी म्हटलं, "मी तुला न सांगता गेले." तिच्यापुरतं एवढं खोटं मी ठेवलं. तिनं शिक्का मारला. पलीकडून शिपायानं मला पाहिलं आणि चहा आणायला वळला, मग मी कुठल्या बाजूला उभी आहे हे लक्षात येऊन तिथेच उभा राहिला.

एक प्रत मी भावजयीसाठी काढली होती. तिचं माहेर बसनं पाऊण तासावर. जाताना मला हलकं वाटत होतं, हे कबूल करते. माणूस मोठं काम उरकून निघतो तसं. तिनंच दार उघडलं. प्लास्टर कोपरापर्यंत होतं. आत या म्हणाली नाही, आणि ते बरोबरच होतं. मी कागद दिला. तो तिनं डाव्या हातात धरून वाचला, सावकाश, दोन्ही पानं, आणि शेवटी आवक क्रमांकसुद्धा वाचला. मी वाट बघत होते. कशाची, तर तिनं रडावं, ताई म्हणावं, याची. ती म्हणाली, "कडी लावलीत तुम्ही. ते नाहीये ह्यात."

मघाशी मी म्हटलं, ती परत गेली. ती परत गेली नाही. धाकट्यानं मागून येऊन तिला ओढलं, तिनं माझ्या दाराची चौकट धरली, मी उठले, तिची बोटं चौकटीवरून सुटेपर्यंत थांबले आणि दार लावून आतून कडी घातली. ती बाहेरून मला हाक मारत होती. हे मी वकिलाला सांगितलं नव्हतं, आईला नाही, या कागदाला नाही, आणि इथवर स्वतःलाही नाही.

"तक्रारीत मीही घातलं नाही ते," ती म्हणाली. आवाज चढलेला नव्हता. "पोलीस विचारत होते, अजून काही? मी म्हटलं, नाही. मला वाटलं, तेवढं तुम्ही सांगाल."

"उद्या पुरवणी खुलासा देते," मी म्हटलं, आणि माझ्याच आवाजाची मला शिसारी आली.

"उद्या नको," ती म्हणाली आणि कागद माझ्यापुढे धरला.

मी पेन काढलं. लिहायला टेकू नव्हता, म्हणून कागद जिन्याच्या भिंतीला लावला. शेवटच्या ओळीखाली लिहिलं, दाराची कडी मी आतून लावली. ती माझ्या खांद्यामागून वाचत होती. तिचा श्वास मला ऐकू येत होता. "कधी लावलीत, तेही लिहा," ती म्हणाली. भिंत खडबडीत होती, अक्षर नीट येत नव्हतं. मी लिहिलं, ती मला हाक मारत असताना.